कल्पित जगाची कालगणना कशी बसवावी: नवोदित फँटसी लेखकांसाठी

नकाशा काढून झाला, राजघराण्यांच्या वंशावळी झाल्या, की फँटसी लिहिणारा दिनदर्शिकेकडे वळतो. इथे दोन गोष्टी घडताना दिसतात. काही जण आपल्याच बारा महिन्यांना नवी भारदस्त नावं देऊन मोकळे होतात. बाकीचे तीन चंद्र, सतरा महिने आणि नऊ दिवसांचा आठवडा असलं काहीतरी रचतात आणि पाचव्या प्रकरणापर्यंत स्वतःच विसरतात. दोघांचंही चुकतं एकाच जागी: कालगणना कुणासाठी आहे, हे विचारायचं राहून जातं.

खाली पायऱ्या दिल्या आहेत त्या क्रमानेच जा. सोबतीला एक मुलूख घेऊ. एक मोठी नदी, वर तिच्या काठची शेतं, खाली खाडी आणि बंदर. नाव ठेवू दर्यामुख.

पहिली पायरी: तारीख कोणाला हवी आहे?

आकड्यांना अजून हात लावू नका. आधी माणसं मोजा. पेरणी कधी करायची हे शेतकऱ्याला कळायला हवं, म्हणजे त्याला सूर्य हवा. कोळ्याला भरती-ओहोटी हवी, म्हणजे चंद्र. जकात गोळा करणाऱ्या कारकुनाला यातलं काहीच नको. त्याला हिशेबाला सोपे, एकसारख्या लांबीचे महिने हवेत.

प्राचीन इजिप्तची नागरी दिनदर्शिका ही अशा कारकुनांच्या सोयीची होती. तीस दिवसांचे बारा महिने आणि शेवटी पाच दिवस वेगळे. वर्षाचे तीन ऋतू, पहिला नाईलच्या पुराचा. मात्र लीप दिवस नव्हता, त्यामुळे दर चार वर्षांनी सगळं एका दिवसाने सरकायचं. पुराच्या नावाचे महिने हळूहळू भलत्याच ऋतूत जायचे आणि फेरा पूर्ण व्हायला सुमारे 1460 वर्षं लागायची. तरीही ही पद्धत हजारो वर्षं टिकली, कारण लिहिणाऱ्या-मोजणाऱ्यांना ती सोयीची होती.

उलट उदाहरण फ्रेंच राज्यक्रांतीचं. 1793 साली लागू झालेल्या त्या दिनदर्शिकेत आकडेमोड अतिशय नीटनेटकी होती: तीस दिवसांचे महिने, प्रत्येकात दहा दिवसांचे तीन गट. पण सातव्या दिवशी मिळणारी सुट्टी दहाव्या दिवसावर गेली. कष्टकऱ्यांना ती कधीच आपली वाटली नाही. नेपोलियनने 1 जानेवारी 1806 पासून ती गुंडाळली.

तर दर्यामुखात आपले तीन गट झाले: खाडीचे कोळी, वरच्या अंगाचे शेतकरी आणि बंदरावरची जकात कचेरी. तिघांच्या गरजा एकमेकींशी भांडतात. हे भांडण मिटवू नका, ते जपून ठेवा. पुढे हेच कामाला येणार आहे.

दुसरी पायरी: आकाशाचे दोन आकडे

वर्ष किती दिवसांचं आणि एका अमावास्येपासून पुढच्या अमावास्येपर्यंत किती दिवस, एवढंच ठरवायचं. दिवसाची लांबी शक्यतो आपल्याइतकीच ठेवा. ती बदललीत तर झोप, भूक, घोड्याची दौड, सगळ्याचंच गणित बदलतं आणि वाचकाच्या हाती त्यातून फारसं काही लागत नाही.

पृथ्वीचे आकडे बघून घ्या. ऋतूंचं वर्ष 365.2422 दिवसांचं, चांद्रमास सरासरी 29.53 दिवसांचा. बारा चांद्रमासांचे 354.37 दिवस होतात, म्हणजे वर्षाला जवळजवळ अकरा दिवस कमी पडतात. माणसांच्या जवळपास सगळ्या कालगणना या अकरा दिवसांचं काय करायचं यावरून वेगळ्या झाल्या आहेत. इस्लामी कालगणनेने चंद्र धरला आणि ऋतू सोडले. तिचे महिने साधारण 33 वर्षांत सगळ्या ऋतूंमधून फिरून येतात. आपल्या रोजच्या वापरातल्या ग्रेगरियन दिनदर्शिकेने सूर्य धरला आणि चंद्र सोडला. पंचांगाने दोघांनाही धरलं. ज्या चांद्रमासात सूर्याची संक्रांत पडत नाही तो अधिक महिना, असा नियम. ग्रीसमध्ये इ.स.पू. 432 च्या सुमारास मेटन नावाच्या खगोलज्ञाने 19 वर्षांत 235 चांद्रमास बसतात हे मांडलं. फरक उरतो जेमतेम दोन तासांचा.

नवशिक्यांचा मोह असतो की आपल्या जगात सगळं समसमान वाटून टाकावं: वर्ष 360 दिवसांचं, महिना 30 चा, बाकी शून्य. असं केलंत तर पंडितांना काम उरणार नाही, पंचांगं निघणार नाहीत, सणांच्या तारखांवरून वाद होणार नाहीत. अपूर्णांक राहू द्या. फक्त तो असा निवडा की तुम्हाला कागदावर सोडवता येईल.

दर्यामुखासाठी मी घेतो: वर्ष 340.4 दिवसांचं, चांद्रमास बरोबर 26 दिवसांचा. तेरा महिन्यांचे झाले 338. उरले 2.4 दिवस.

एकाहून अधिक चंद्र हवेत? खुशाल घ्या, पण दोनावर थांबा. दुसऱ्या चंद्राचा फेरा 40 दिवसांचा धरला, तर दोन्ही पौर्णिमा एकत्र येतील 26 आणि 40 यांच्या लसाविने, म्हणजे 520 दिवसांनी. हे साधारण दीड वर्ष झालं, त्यामुळे जोडपौर्णिमेचा सण कधी ऐन थंडीत येईल, कधी भर उन्हाळ्यात. तिसरा चंद्र घेतलात की हा हिशेब कथेच्या आवाक्याबाहेर जातो. शिवाय प्रत्येक चंद्र समुद्रालाही ओढणार, हे विसरू नका.

तिसरी पायरी: उरलेल्या दिवसांचं काय करायचं

ही सगळ्यात महत्त्वाची पायरी, इथे घाई नको.

कोळी म्हणतात, पश्चिमेला कोर दिसली की महिना लागला. त्यांचे तेरा महिने 338 दिवसांत संपतात आणि नवं वर्ष ऋतूच्या आधीच सुरू होतं. मागे पडत जाणारे हे 2.4 दिवस साठत साठत 26 झाले की एक चौदावा महिना घालावा लागतो. हिशेब करून बघा: 65 वर्षांचे 22,126 दिवस होतात आणि त्यात चांद्रमास बसतात 851. तेरा गुणिले पासष्ट म्हणजे 845. म्हणजे 65 वर्षांत सहा जादा महिने, साधारण अकरा वर्षांतून एक.

शेतकरी म्हणतात, चंद्राचं आम्हाला काय? तेरा महिने प्रत्येकी 26 दिवसांचे, वर्षाच्या शेवटी दोन दिवस महिन्याबाहेरचे, आणि पाच वर्षांतून दोनदा तिथे तिसरा दिवस. पाच वर्षांचे 1702 दिवस, सरासरी 340.4. जकात कचेरीने हीच पद्धत उचलली, कारण वह्या सोप्या होतात.

आता गंमत बघा. समजा दोन्ही दिनदर्शिका एकाच दिवशी, कोर दिसल्याच्या दिवशी सुरू झाल्या. महिन्यांची नावंही तीच. पाच वर्षांनी शेतकऱ्यांचे 1702 दिवस झालेले असतील, पण कोळ्यांचे पासष्ट महिने 1690 दिवसांतच उरकलेले असतील. फरक बारा दिवसांचा. शेतकऱ्यांच्या सहाव्या वर्षाच्या पहिल्या दिवशी कोळ्यांच्या महिन्याची तेरावी तारीख असेल आणि डोक्यावर पूर्ण चंद्र असेल. एखाद्या कोळणीने सावकाराला सांगितलं की ‘पाणफूट महिन्याच्या पहिल्या तारखेला पैसे देते’, तर कोणाच्या पहिल्या तारखेला? दोघंही खरं बोलत असताना खटला उभा राहतो. असा खटला लिहायला खलनायक लागत नाही.

पुढचा प्रश्न: चौदावा महिना जाहीर कोण करतं? प्राचीन रोममध्ये जादा महिना घालण्याचा अधिकार धर्माधिकाऱ्यांकडे होता. अधिकारपदाची मुदत वर्षावर मोजली जायची, त्यामुळे वर्ष लांबवणं किंवा न लांबवणं हे राजकारण झालं. ज्युलियस सीझरने घडी बसवायला घेतली तोवर दिनदर्शिका ऋतूंपासून इतकी भरकटली होती की इ.स.पू. 46 हे वर्ष 445 दिवसांचं करावं लागलं. दर्यामुखात हा अधिकार आपण दीपगृहाच्या राखणदार बाईकडे देऊ. ती वरच्या सज्जातून शंख फुंकते तेव्हा चौदावा महिना लागतो. घरभाडं महिन्यावर असेल तर त्या वर्षी चौदा भाडी. जहाजावरच्या खलाशांचा करार वर्षाचा असेल तर एक महिना फुकट राबणं. तिच्या दारात गर्दी का होते हे वेगळं सांगायला नको.

महिन्याबाहेरच्या दोन दिवसांनाही अंगचं काहीतरी द्या. माया लोक आपल्या 365 दिवसांच्या वर्षातले शेवटचे पाच दिवस अशुभ मानायचे. इजिप्तमध्ये तसले पाच दिवस देवांचे जन्मदिवस होते. तुमच्याकडे त्या दिवशी व्याज चढतं का? न्यायकचेरी उघडी असते का? त्या दिवशी जन्मलेल्या पोराची तारीख काय लिहायची? तीनपैकी एकाचं उत्तर दिलंत तरी पुष्कळ.

चौथी पायरी: आठवडा

आठवडा आकाशात नसतो. तो माणसांनी केलेला असतो, बहुतेक वेळा बाजारासाठी किंवा देवासाठी. रोमन लोकांचा जुना बाजार दर आठव्या दिवशी भरायचा, जावा बेटावर पाच दिवसांचं बाजारचक्र आहे. सोव्हिएत सरकारने 1929 साली कारखाने अखंड चालावेत म्हणून पाच दिवसांचा आठवडा आणला आणि कामगारांचे पाच गट करून प्रत्येकाला वेगळी सुट्टी दिली. नवऱ्याची सुट्टी एका दिवशी, बायकोची दुसऱ्या. पुढे तो सहा दिवसांचा केला आणि 1940 मध्ये सात दिवसांवर परत आले.

दर्यामुखात पाच दिवसांचा बाजार घेऊ. 26 ला 5 ने भागलं की बाकी एक, म्हणून दर महिन्याला वार एकाने पुढे जातो. वर्षाच्या 340 दिवसांना 5 ने भागलं की बाकी शून्य. साध्या वर्षानंतर तीच तारीख त्याच वारी येते, लांब वर्षानंतर एकाने सरकते. असे सोपे आकडे मुद्दाम निवडा. सात आणि तेरा असलं काही घेतलंत तर प्रत्येक प्रकरणाला वही उघडावी लागेल.

पाचवी पायरी: दिवस कधी बदलतो

पंचांगाचा वार सूर्योदयाला बदलतो, ज्यू आणि इस्लामी परंपरेत सूर्यास्ताला, सरकारी कागदांत मध्यरात्री. कोणतंही एक निवडा आणि पाळा. रात्रीचा खून असेल तर साक्षीदारांच्या तारखा यावरूनच वेगवेगळ्या पडू शकतात. एवढंच पुरे.

सहावी पायरी: सन कुठून मोजायचा

सन म्हणजे निष्ठा. शिवाजी महाराजांनी 1674 च्या राज्याभिषेकापासून नवा शक सुरू केला. पत्रावर तो शक लिहिणारा माणूस पहिल्याच ओळीत सांगून टाकतो की तो कोणाचा आहे. जपानमध्ये सम्राट बदलला की सन बदलतो: 30 एप्रिल 2019 हा हेइसेईच्या 31 व्या वर्षातला शेवटचा दिवस आणि दुसऱ्या दिवशी रेइवाचं पहिलं वर्ष सुरू.

तुमच्या जगात दोन सन ठेवा, एक जिंकलेल्यांचा आणि एक हरलेल्यांचा. दर्यामुखात कागदोपत्री ‘सेतुबांधणी’पासूनची वर्षं चालतात, कारण सध्याच्या घराण्याने नदीवर पूल बांधला. वरच्या गावांतल्या म्हाताऱ्या मात्र अजून ‘महापुरा’पासून मोजतात. एका दगडावर जुना सन कोरलेला दाखवलात तर इतिहासाची चार पानं लिहायची वाचतात.

दोन बारकावे सांभाळा. एक, आपल्या इसवी सनात शून्य वर्ष नाही, इ.स.पू. 1 नंतर थेट इ.स. 1 येतं, आणि त्यामुळे मधली वर्षं मोजताना एकाची चूक हमखास होते. तुमच्याकडे शून्य वर्ष आहे की नाही ते आत्ताच लिहून ठेवा. दोन, राज्याने दिनदर्शिका बदलली तर मधले दिवस गायब होतात. 1582 मध्ये रोमच्या आज्ञेने 4 ऑक्टोबरच्या दुसऱ्या दिवशी 15 ऑक्टोबर आला. रशियाने हा बदल 1918 मध्ये केला, 31 जानेवारीनंतर थेट 14 फेब्रुवारी. म्हणूनच ऑक्टोबर क्रांतीचा वर्धापनदिन नोव्हेंबरात पडतो. असा एखादा खळगा तुमच्या इतिहासात असेल तर त्या गायब दिवसांत कोणाची तरी मुदत, कोणाची तरी सजा अडकलेली असणार.

सातवी पायरी: नावं

तेरा नावं एकदम करू नका. कथेत लागतील तेवढी चार-पाच करा, बाकीचे महिने नुसते ‘सातवा’, ‘आठवा’ म्हणून चालवा. खऱ्या जगातही असं झालेलं आहे: सप्टेंबर ते डिसेंबर ही नावं मुळात सातवा ते दहावा एवढ्याच अर्थाची आहेत. नावं कामातून, वाऱ्यातून, पाण्यातून घ्या. पाणफूट, नांगरट, शिडओढ, धुकट. कवितेतली वाटणारी लांबलचक नावं बोलताना अडखळतात. एखाद्या महिन्याला राजाने स्वतःचं नाव दिलेलं दाखवा आणि धक्क्यावरच्या हमालांच्या तोंडी जुनंच नाव ठेवा.

आठवी पायरी: एक सलग आकडा

यावर मी अडून बसेन. कथेतला प्रत्येक प्रसंग एका सलग दिवसक्रमांकाने नोंदवा: पहिला दिवस 1, मग 2, 3, आणि असं न थांबता पुढे. खगोलशास्त्रज्ञही हेच करतात. त्यांची ज्युलियन दिनसंख्या इ.स.पू. 4713 पासून एकेक दिवस मोजत येते, महिने-वर्षांच्या भानगडीत पडत नाही. स्प्रेडशीटमध्ये एक रकाना या आकड्याचा, बाकीचे रकाने त्यावरून काढायचे.

दिवस 1000 घेऊ. शेतकऱ्यांची लांब वर्षं दर पाचांतली तिसरी आणि पाचवी धरू. पहिल्या दोन वर्षांचे 680 दिवस वजा केले की उरतात 320. बारा महिन्यांचे 312 गेले, म्हणजे तिसऱ्या वर्षाच्या तेराव्या महिन्याची आठवी तारीख. कोळ्यांसाठी 1000 ला 26 ने भागा: 38 महिने पूर्ण, बाकी 12. म्हणजे त्यांच्याही तिसऱ्या वर्षाचा तेरावाच महिना, पण बारावी तारीख. 1000 ला 5 ने भागून बाकी शून्य, म्हणजे बाजारचक्राचा शेवटचा दिवस. आणि कोळ्यांची बारावी म्हणजे चंद्र जवळजवळ भरलेला. त्या रात्री नायिका काळोखाचा फायदा घेऊन पळाली असं लिहिलं असेल, तर खोडा.

चंद्राबद्दल एवढं पाठच करा. पूर्ण चंद्र साधारण सूर्यास्ताला उगवतो आणि सूर्योदयाला मावळतो. वाढती बारीक कोर संध्याकाळी पश्चिमेला दिसते आणि लवकर मावळते. घटती कोर पहाटे पूर्वेला. मध्यरात्री डोक्यावर चंद्रकोर हे चित्रात छान दिसतं, आकाशात दिसत नाही. पृथ्वीवर चंद्र रोज सरासरी 50 मिनिटं उशिरा उगवतो. 26 दिवसांच्या चंद्राला हा उशीर जवळपास एक तासाचा होईल. उधाणाची भरती अमावास्या-पौर्णिमेच्या आसपास, म्हणजे दर तेरा दिवसांनी, आणि मधे भांगाची, म्हणजे कमी चढणारी. तुमचं जहाज वाळूच्या दांड्यावरून कोणत्या रात्री सुटू शकतं हे याने ठरतं.

वयाचंही बघून घ्या. 340.4 दिवसांची वीस वर्षं म्हणजे आपली अठरा वर्षं आणि वर सात-आठ महिने. फरक एवढाच असेल तर वाचकाला काही सांगू नका. वर्ष 600 दिवसांचं असेल तर मात्र दहा वर्षांची मुलगी आपल्या हिशेबाने सोळा वर्षांची असते, आणि ते लवकर सांगावं लागेल.

नववी पायरी: पानावर किती उतरवायचं

फार थोडं. पहिल्या प्रकरणात दिनदर्शिका समजावून सांगणारा म्हातारा गुरुजी आणू नका. माणसं तारखेपेक्षा प्रसंगाने जास्त बोलतात. ‘सेतुबांधणीच्या 41 व्या वर्षी शिडओढ महिन्याच्या नवव्या दिवशी मी परत येईन’ असं घरात कोणी बोलत नाही. ‘पुढच्या उधाणाला येतो’ म्हणतात. पूर्ण तारीख फक्त करारावर, थडग्यावर, हुकूमनाम्यावर येऊ द्या. तिथे ती लांबलचकच शोभते.

एकाच दिवसाच्या दोन नोंदी समोरासमोर ठेवून बघा. जकातीच्या वहीत: ‘सेतु. 3, धुकट 8. मीठ, बारा गोणी. जकात बाकी.’ धक्क्यावर कोळीण म्हणते: ‘बारावी आहे आज, परवा उधाणावर निघू.’ दोघांच्या तारखांत चार दिवसांचं अंतर आहे आणि कोणी ते उलगडून सांगितलेलं नाही. लक्ष देणारा वाचक थबकतो, बाकीचे पुढे जातात, दोघांचंही काही बिघडत नाही.

शेवटी हटकून एक अडचण येते: कथेला हवा तो दिवस गणितात बसत नाही. लग्न पेरणीच्या सुरुवातीला हवं असतं आणि त्याच रात्री अमावास्याही हवी असते. आकडे गुपचूप सरकवू नका, कोणीतरी मोजून बघतंच. आधी वर्ष बदलून पाहा. कोळ्यांचा नि शेतकऱ्यांचा मेळ दर साली वेगळा असतो, दोन-तीन वर्षं मागेपुढे केलं की बहुतेक वेळा हवी ती रात्र सापडते. आणि अडचण चंद्राची नसून कोळ्यांच्या तारखेचीच असेल, तर दीपगृहाच्या राखणदार बाईला अवेळी शंख फुंकायला लावा आणि तो कोणी फुंकायला लावला यावर पुढचं प्रकरण लिहा.